राहिलेलं पान

"माझी लेक तुमच्या छापखान्यात हारवली. ती द्या, मग मी जाते."

बाईचा आवाज होता, आणि रडका नव्हता. मी आणि सिंधुबाई मागच्या खोलीत छापलेले कागद मोडत बसलो होतो. आमच्या हातातल्या बांबूच्या पट्ट्या जागच्या जागी थांबल्या. छापखान्यात लेक कशी हरवेल? सिंधुबाई उठून यंत्राखाली वाकून बघायला निघाली होती, मी तिला पदराला धरून खाली बसवलं.

पुढच्या खोलीतनं आबासाहेबांचा आवाज आला. छापखाना त्यांचा, पुस्तकंही तेच काढायचे. "ताई, जरा हळू. हा छापखाना आहे, आठवड्याचा बाजार नाही."

"बाजार बरा की. तितं हारवल्यालं पोर दिवस मावळायच्या आत सापडतं तरी."

"अहो, पण आम्ही मुद्दाम गाळलं का ते पान? मास्तर, तुम्ही बोला. कागदाच्या एकाच बाजूला लिहायचं, मागची बाजू कोरी ठेवायची, हे मी पहिल्या दिवशी सांगितलं होतं का नाही?"

मास्तरांच्या आधीच बोलले ते आमचे संभातात्या.

"चूक मास्तरांची न्हाय. माझी हाय."

"संभा, तू मधी पडू नकोस."

"मधी कुठं? खालीच हाय मी. 'छापा' म्हणून खाली सही कुणाची हाय, बघा की."

आबासाहेबांनी मेजावर काहीतरी आपटलं. "बरं. झालं ते झालं. दुसऱ्या आवृत्तीत ते पान घालू. शब्द देतो."

"ती कवा?" बाईनं विचारलं.

"ह्या हजार प्रती संपल्या की."

"मग संपवा," बाई म्हणाली. चपला वाजल्या आणि मास्तर आणि ती, नवराबायको गेली.

ह्याला पस्तीस वर्षं झाली. आबासाहेब भांडण विसरले, सिंधुबाई विसरली. संभातात्यांनी तेवढं ते उरात धरलं, आणि त्यांचं पुढचं सगळं आयुष्य त्या एका शब्दामागं गेलं. म्हणून त्यांची गोष्ट सांगायची तर इथनंच सांगावी लागते.

तात्या आमच्या जळोचीचेच, दोन घरं सोडून पलीकडचे. मॅट्रिक झालेले. बारामतीत आबासाहेबांकडं प्रुफं तपासायला होते. डाव्या हाताला लेखकानं लिहिलेले कागद, उजव्या हाताला छापून आलेला कच्चा कागद आणि मधे तात्यांचं नाक. ओळीओळीवर बोट फिरवायचे. समाधान झालं की खाली 'छापा' लिहून सही करायचे. ती सही दिसल्याशिवाय माझा नवरा यंत्र सुरू करायचा नाही. तात्यांनी लग्न केलं नाही. प्रुफातनं डोकं वर काढलं असतं तर एखादी दिसली असती, असं सिंधुबाई म्हणायची. ती रांडमुंड बाई, तिला कुणाचं काय भ्या!

आमचं बायांचं काम फर्मे मोडायचं. फर्मा म्हणजे सोळा पानं एकदम छापलेला मोठा कागद. त्याला तीन घड्या घालायच्या, की पानं आपसूक एकामागं एक येतात. मी चौथी शिकलेली. वाचायला खरं म्हणजे तिथंच शिकले, पण तुकड्या-तुकड्यानं. एकच फर्मा माझ्या हाताखालून हजार वेळा जायचा. माझ्या सोळा पानांत नवरा घर सोडून जायचा, आणि तो परत आला का नाही ते पुढच्या फर्म्यात, म्हणजे सिंधुबाईकडं. तिला विचारलं तर म्हणायची, "आला, पण येडा होऊन आलाय." तिचं वाचन माझ्यापेक्षा कच्चं. खरं काय झालं ते मला आजवर कळलेलं नाही.

तर मास्तर. गेनबा मास्तर अंथुर्ण्याचे. शाळेत मास्तर आणि कालव्याखाली चार एकर रान. त्यांनी पुस्तक लिहिलं, 'पाटकडेची वर्षं'. पाण्याच्या पाळ्या, बांधावरची भांडणं, पहिल्यांदा लावलेला ऊस, शाळेतली वांड पोरं, असं सगळं. आणि त्यात एक पान सारजाचं.

सारजा त्यांची लेक. नऊ वर्षांची असताना कालव्यात पडून गेली. त्या दिवशी मास्तरांच्या रानाला पाण्याची पाळी होती. पोरीला पाण्यातनं काढून दारात आणली, बाया ऊर बडवायला लागल्या, आणि बाप तिकडं उसात दारं धरून उभा. एक सरी भरली की दुसऱ्या सरीला पाणी वळवतोय. गावानं हे डोळ्यानं बघितलं. मग गाव बोलायचं राहतंय होय? पोरीपरीस ऊस मोठा झाला म्हणाले. मास्तर कुणाला काही म्हणाले नाहीत. बायकोला, ठमाबाईलाही नाही. दहा वर्षं एका घरात राहिली दोघं, पण त्या दिवसाबद्दल एक अक्षर नाही.

मग पुस्तक लिहून झालं. छापखान्यात द्यायच्या आदल्या दिवशी मास्तरांनी ते पान लिहिलं, आणि लिहिलं ते एका लिहिलेल्या कागदाच्या मागच्या बाजूला. नवा कागद घ्यायचं सुचलं नसेल, किंवा घ्यायचा नसेल. ठमाबाईला एवढंच सांगितलं, "तुझी सारजा पुस्तकात हाय. छापून आलं की वाचून दावतो." तोंडानं जे सांगता येत नव्हतं ते छापील पुस्तकातनं वाचता येईल असं त्यांना वाटलं असणार.

अक्षरांचे खिळे जुळवणाऱ्यानं कागद पालटून बघितला नाही. मागची बाजू कोरीच असायची हा छापखान्याचा नेम. तात्यांनीही पालटला नाही. पुढच्या बाजूची शेवटची ओळ पूर्णविरामानं संपत होती, पुढचा कागद नव्या वाक्यानं सुरू होत होता. कुठं ठेच लागली नाही. सही झाली. आणि अंथुर्ण्यात मास्तर पहिली प्रत मांडीवर घेऊन बायकोला वाचून दाखवत दाखवत तिथवर आले, तर तिथं काहीच नव्हतं.

भांडणाच्या पुढच्या रविवारी तात्या माझ्या दारात आले. "वैनी, खळ करून द्याल का?"

खळ म्हणजे आमच्या बांधणीची चिकी. मैदा शिजवायचा, त्यात चिमूटभर मोरचूद टाकायचं, म्हणजे पुस्तकाला किडा लागत नाही. "कशाला?" म्हटलं.

"अंथुर्ण्याला जायचंय. पान लिवलंय, चिकटवायचंय."

"तुम्हाला चिकटवता येतंय का?"

"न्हाय."

मग मी गेले सोबत. पुस्तकाच्या मापानं कापलेल्या कागदावर तात्यांनी ते पान मोत्यासारख्या अक्षरात उतरवलं होतं. मी कडेला बोटभर खळ लावून ते त्याच्या जागी बसवलं. ठमाबाई चुलीपुढनं उठून आली, पदराला हात पुसले आणि म्हणाली, "वाचा."

मास्तर उठून गोठ्याकडं गेले. तात्यांनी वाचलं. मला ते पाठ आहे.

'पाटाला पाणी सुटलं की सारजा त्यात काडी टाकायची आणि काडीबरोबर काठानं पळायची. आपल्या रानाशी आधी काडी पोचते का आधी ती, अशी तिची शर्यत. तिला घरी आणलं तेव्हा मी रानात होतो. एक माणूस सांगायला आला. मी म्हटलं, येतो. आणि दारं धरत राहिलो. घरी गेलो तर ठमाच्या तोंडाकडं बघावं लागेल, एवढंच डोक्यात होतं. लोक म्हणाले, ह्याला उसाची काळजी. त्या वर्षीचा ऊस मला आठवत नाही. तो आला का वाळला, तेही आठवत नाही.'

ठमाबाईनं पुस्तक हातात घेतलं. मग म्हणाली, "एवढंच व्हतं?"

"व्हय," तात्या म्हणाले.

"मग धा वर्सं दातखीळ बसली व्हती का ह्या मानसाची?" आणि गोठ्याकडं तोंड करून मोठ्यानं, "अवो, या की हिकडं. च्या निवतोय."

मास्तर आले. कुणी कुणाकडं बघितलं नाही. चहा प्यायलो. निघताना ठमाबाई तात्यांना म्हणाली, "तुमच्याकडं अशी किती हायत?"

"हजार."

"समद्यात हे पान पायजे. ज्यांनी ज्यांनी नावं ठिवली, त्यास्नी वाचू द्या. माझ्या देखत वाचू द्या."

तात्या म्हणाले, "व्हय." त्यांनी व्हय म्हटलं की 'छापा' म्हणून सही केल्यासारखंच असायचं.

आबासाहेब मात्र अडून बसले. "चिकटवलेलं पान? संभा, ग्रंथालयवाले सदोष म्हणून अख्खा गठ्ठा परत पाठवतील." त्यांचंही एका परीनं खरं होतं. पुस्तकाचा धंदा तेव्हा असा चालायचा, की हजाराच्या खाली छापणं परवडायचं नाही. त्यातली तीनेकशे ग्रंथालयांच्या खरेदीत गेली की कागद-शाई निघाली. बाकीची सातशे देवाच्या भरवशावर. गठ्ठे बांधून माळ्यावर टाकायचे आणि वाट बघायची. एखाद्या पुस्तकाची दुसरी आवृत्ती निघाली तर आबासाहेब पेढे वाटायचे. माझ्या सगळ्या नोकरीत मी पेढे चारदा खाल्ले.

मग तात्यांनी आबासाहेबांना न सांगता काम सुरू केलं. आठवड्याला एखादं पान घरी लिहायचं, रविवारी मी ते चिकटवायचं. आणि प्रती संपायला पाहिजेत म्हणून महिन्यातनं एखाद्या सुट्टीला पिशवीत दोन-तीन पुस्तकं घालून एसटीनं हिंडायचं. सणसर, लासुर्णे, शेळगाव, निमगाव केतकी, बावडा. शाळेत जायचं, वाचनालयात जायचं, कुणाच्या साखरपुड्यात आहेर म्हणून द्यायचं. जी तीनशे पान नसतानाच गेली होती, त्या वाचनालयांत जाऊन कपाटातनं पुस्तक काढायचं, पान बसवायचं, परत ठेवायचं. एका गावच्या ग्रंथपालानं त्यांना चोर म्हणून धरलं होतं. "चोर पुस्तकातनं पानं काढतो," तात्या त्याला म्हणाले, "मी घालतोय."

मी एकदा म्हटलं, "तात्या, बोटं वाकडी झाली लिहून. झेरॉक्स निघाल्यात आता. पन्नास काढा एकदम."

"झेरॉक्स वाचल्याबिगर निघतं, वैनी. लिवायचं म्हटलं की वाचावंच लागतं. मी एकदा वाचलं न्हाय, त्येचंच हे चाललंय सगळं."

त्या दिवशी मी त्यांना माझं सांगून टाकलं. मास्तरांचे कागद जुळवणाऱ्याच्या डोक्यावर खुंटीला लटकत होते. पंख्यानं एक कागद उलटा झाला तेव्हा मागं निळी शाई मी बघितली होती. पोराबाळानं काहीतरी खरडलं असेल म्हणून मी बोलले नाही. छापखान्यात शहाणी माणसं एवढी होती, आपण कशाला बोलायचं?

तात्यांनी टाक पुसला. "तुमाला कसं कळणार? सही तुमची व्हती का?" आणि पुढची ओळ लिहायला घेतली.

अंथुर्ण्याला वर्षातनं दोनदा जायचेच. ठमाबाई सासरी दिलेल्या लेकीची चौकशी करावी तसं विचारायची, "आता कुठवर गेली सारजा?"

"बावड्याला जाऊन आली."

"लांब गेली गं बाई."

मास्तर वारले, त्याच्या आधी एकदा गावातला एक म्हातारा त्यांच्या ओट्यावर येऊन बसला होता. त्यानंच पहिल्यांदा उसाचं बोलणं काढलं होतं म्हणे. नातीकडनं पान वाचून घेतलं होतं. बसला, तंबाखू खाल्ली, मास्तरांना दिली आणि उठून गेला. ठमाबाईनं हे तात्यांना तीन-तीनदा सांगितलं.

मधल्या काळात आमचा छापखाना गेला. आधी कॉम्प्युटर आला. खिळे किलोवर गेले. माझा नवरा ज्या यंत्रावर एकवीस वर्षं उभा होता ते भंगारवाल्याच्या टेम्पोत चढलं, आणि नवरा सहा महिन्यांत गेला. फर्मे मोडायचं काम पुण्याच्या यंत्राकडं गेलं. सिंधुबाई भावाकडं निघून गेली, जाताना माझी पट्टी घेऊन गेली. मग आबासाहेब गेले. त्यांचा अविराज पोरगा भला, पण त्याचे दिवस निराळे. आता लेखकच खर्च घेऊन येतात, पन्नास प्रती छापतात, प्रकाशनाला फेटे बांधतात, प्रती पाहुण्यांत वाटतात, झालं पुस्तक. प्रुफं मोबाइलवर जातात. लेखक अंगठा दाखवतो, तीच सही. तात्यांना अविराजनं काढलं नाही. कोपऱ्यात खुर्ची दिली, "काका, बसत जा." तात्या बसायचे. छापून आलेली पुस्तकं वाचून त्यातल्या चुका पेन्सिलीनं दाखवायचे. अविराज "हो काका" म्हणायचा. दुरुस्त करायला ती पुस्तकं पुन्हा छापली तर जाणार!

आणि 'पाटकडेची वर्षं'चे गठ्ठे माळ्यावरनं खाली येत राहिले. तीन वर्षांमागं शेवटची पाच पुस्तकं शेळगावच्या शाळेत बक्षिसाला दिली. सगळ्यांत पान होतं. तात्या पंचाहत्तर पार झालेले. दुसऱ्या दिवशी पेढ्यांचा पुडा घेऊन अविराजकडं गेले, मलाही ओढत नेलं. मास्तरांचा मूळ कागद प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून छातीशी धरला होता.

"संपली," तात्या म्हणाले.

"काय संपलं, काका?"

"मास्तरांच्या पुस्तकाची हजार. दुसऱ्या आवृत्तीचा तुमच्या वडलांनी शब्द दिला व्हता. ही घ्या कापी."

अविराजनं हातातला पेढा पुड्यात परत ठेवला. मग म्हणाला, "काका, आता आवृत्ती अशी नसते. आपली जुनी सगळी पुस्तकं मी गेल्या वर्षी एका कंपनीला दिली. त्यांनी पानं स्कॅन करून ठेवलीत. कुणी मोबाइलवरनं मागितलं की एक प्रत छापतात, पाठवून देतात. दुसऱ्यानं मागितलं की दुसरी. म्हणजे पुस्तक कधी संपतच नाही. चांगलं झालं ना?"

"मास्तरांचं बी?"

"हो. हे बघा." मोबाइलवर चित्र दाखवलं. तेच मुखपृष्ठ, पाट आणि बाभळ.

"पुस्तक कुठलं दिलं तुमी त्यास्नी? कुठली प्रत?"

"बाबांच्या काचेच्या कपाटातली. सगळ्यात कोरी तीच होती."

आबासाहेब छापलेल्या प्रत्येक पुस्तकाची एक प्रत त्या कपाटात ठेवायचे, किल्ली कमरेला. खळीचे हात घेऊन कपाटाजवळ यायचं नाही म्हणायचे. हजारातली ती एकच होती जिला तात्यांचा हात लागला नव्हता.

तात्यांनी एवढंच विचारलं, "किती गेली?"

"कंपनीच्या कागदावर एकतीस दिसतात."

"कुणाकुणाला?"

"ते कंपनी सांगत नाही, काका. गिऱ्हाइकाचं नाव देत नाहीत ते."

तात्यांना वाचनालयं माहीत होती, शाळा माहीत होत्या, कुठल्या घरात कुठल्या फळीवर पुस्तक आहे तेही माहीत होतं. आता एकतीस माणसं मास्तरांचं पुस्तक वाचत होती आणि त्यांना नावगाव नव्हतं. आणि ते थांबणार नव्हतं. अविराजनं खरंच खटपट केली. कंपनीला लिहिलं, पान पाठवलं, फोन लावले. फोनवर बाई बोलायची ती माणूस नव्हती. उत्तर यायचं, तुमची विनंती नोंदवली आहे. पुन्हा लिहिलं, पुन्हा तेच. तात्या महिनाभर रोज विचारायचे, मग आठवड्यानं, मग विचारायचं सोडलं. पण पानं लिहायचं सोडलं नाही. मी म्हटलं, "कुठं चिकटवायची आता?" म्हणाले, "तयार असल्याली बरी."

त्याच हिवाळ्यात ठमाबाई अंथरुणाला खिळली. आम्ही गेलो. तिला दिसत नव्हतं. आवाजावरनं ओळखलं.

"तात्या, संपली का हो ती हजार?"

"संपली."

"मग दुसरी निघाली?"

तात्यांनी माझ्याकडं बघितलं. चाळीस वर्षं त्या माणसाला मी ओळखते. चुकीला बरोबर म्हणताना मी त्यांना कधी बघितलं नव्हतं. लग्नपत्रिकेतसुद्धा नाही.

"निघाली," ते म्हणाले.

"सारजा हाय त्यात?"

"हाय. छापून हाय."

ठमाबाईनं हात पुढं केला. बहुतेक पुस्तक मागत होती. आमच्या पिशवीत पुस्तक नव्हतं. तात्यांनी आपला हात तिच्या हातात दिला. तिनं तो चाचपला, बोटं धरून बघितली. "लई वाकली की हो," म्हणाली.

पंधरा दिवसांनी ती गेली. तिच्या मातीवरनं तात्या आणि मी एसटीनं परत आलो. जळोचीला उतरल्यावर म्हणाले, "वैनी, तिला समजलं आसंल का?" मी म्हटलं, "नाही." खरं काय ते मला माहीत नाही.

तात्या ह्या वर्षी गेले, चैत्रातल्या एका मंगळवारी, दुपारी झोपले ते उठलेच नाहीत. त्याच्या आधीच्या शुक्रवारचं मात्र सांगते.

सकाळी अविराजचा फोन आला. लोणी देवकरच्या एका मुलीनं पुस्तक मागवलं होतं, आणि पुस्तकात छापलेला छापखान्याचा जुना नंबर लागत नाही म्हणून शोधत शोधत त्याच्यापर्यंत पोचली होती. पुस्तक आवडलं, एवढंच तिला सांगायचं होतं. एकतिसातली असेल नाहीतर त्यानंतरची, कोण जाणे. पण तिला नाव होतं. संस्कृती.

"खळ करा," तात्या दारात उभं राहून म्हणाले. चष्मा पुसलेला, सदरा धुतलेला.

बारामतीहून भिगवण, भिगवणहून दुसरी गाडी. तिकिटाला तात्यांना फुकट, मला अर्धं. उन्हाचं तोंडाला फडकं गुंडाळून गेलो. मुलगी तिथल्या कारखान्यात पॅकिंगला होती, दुसरी पाळी असल्यानं खोलीवरच भेटली. दोन म्हातारी माणसं दारात बघून घाबरलीच. तात्यांनी सगळं नीट सांगितलं, नेहमी सांगायचे तसं, आधी चूक कुणाची ते.

"आजोबा, एवढ्या उन्हात आलात? फोटो पाठवायचा की पानाचा, मी वाचलं असतं."

"तुमी वाचलं आसतं. तुमच्या मागनं ज्येच्या हातात जाईल, त्यो?"

तिनं पुस्तक आणून दिलं. कागद पांढराफेक, बांधणी आतनं नुसती डिंकानं चिकटवलेली, दोऱ्याचा टाका नाही. मला ते आवडलं नाही, पण मी बोलले नाही. तात्यांनी जागा काढून दिली, मी खळ लावली, पान बसवलं, नखानं कड दाबली.

"आता वाचा," तात्या म्हणाले. "मोठ्यानं."

ती वाचायला लागली. काडी, पाट, शर्यत. 'ठमाच्या तोंडाकडं बघावं लागेल' इथं आली आणि थांबली.

"फुडं वाचा, बाळा. तितं पूर्णविराम न्हाय."

तिनं पुढचं वाचलं. तात्या मांडीवरच्या मूळ कागदावर बोट फिरवत ऐकत होते. संपल्यावर त्यांनी मान हलवली, पुस्तक मिटलं आणि त्यावर तिचा कुकर ठेवला.

"तासभर उघडू नका. आन कुणाला दिलं तर कुणाला दिलं ते ह्या नंबरावर कळवा."

"हो, आजोबा."

तिनं सरबत केलं. तात्यांनी साखर कमी म्हणून अजून मागितली. मग आम्ही थांब्यावर आलो. सावली नव्हती. तात्या हातावरची वाळलेली खळ नखानं काढत उभे होते. भिगवणची गाडी आली तेव्हा आधी मला चढवलं, मग पिशवी माझ्या हातात दिली, मग स्वतः चढले.